शंका असल्यास विचारा

कर्जत आणि खालापूर या दोन तालुक्यांत मिळून लग्नाळू पोरांना सगळ्यात जास्त उपदेश केलेला आणि स्वतः लग्नाला सगळ्यात जास्त वेळा नकार दिलेला माणूस एकच आहे, आणि माझं नशीब असं की तो माझा मावसभाऊ आहे. माझ्याहून दोन वर्षांनी मोठा. सगळं जग त्याला भाऊ म्हणतं, म्हणून मीही भाऊच म्हणतो. या माणसाचं लग्न जमवण्यात माझी सोळा वर्षं गेली. तेवढ्या काळात लोकांच्या मुली जन्मल्या, शाळेत गेल्या, माझ्याच हाताखाली विज्ञानात नापास होऊन परत पासही झाल्या, पण भाऊ जिथल्या तिथे. रविवार उजाडला की मावशीचा फोन यायचा. "एक ठिकान हाय म्हनतात नेरळला. तू जातोस का रं ह्याच्यासंगं? तू असलास की तो जरा नीट बोलतो." तो नीट बोलत नाही, मी असलो तरी आणि नसलो तरी. पण मावशीला नाही कसं म्हणायचं? मग कर्जतहून स्कूटर काढायची, आधी उलट्या दिशेला साजगावला जाऊन भाऊला मागे बसवायचं, मग तेवढंच अंतर परत तुडवून नेरळ गाठायचं आणि कुणाच्या तरी बाहेरच्या खोलीत बसून पोहे खायचे. त्याने रिक्षाने परस्पर यावं असं मी एकदा सुचवलं होतं. त्यावर तो म्हणाला, "रिक्षाचे ब्रेक मी कुठं बघितल्यात? तुझ्या स्कूटरचे मी सोता बघितल्यात." माझी बायको म्हणते, मला पित्ताचा त्रास सुरू झाला तो भाऊंच्या पोह्यांनी.

भाऊ साजगावच्या एका कारखान्यात फिटर आहे. तिथे लोखंडी नळ्या बनतात. कामगारांच्या वतीने तो सुरक्षा समितीवर गेला, त्याला आता वीस वर्षं होतील, आणि तेव्हापासून सुरक्षितपणा हा त्याच्या अंगात जो शिरला तो बाहेर निघायचं नाव घेत नाही. घराबाहेर पडताना तो मेन स्विच बंद करतो. रोज. कामावर जाताना सुद्धा. मावशी घरात बसलेली असली तरी सुद्धा. दोन-चार वेळा दूध नासल्यावर मावशीने फ्रिजचा नाद सोडला आणि त्यात पापड ठेवायला सुरुवात केली. उसाची मोळी स्कूटरवरून आणायची तर तो मागच्या टोकांना लाल फडकं बांधतो. माथेरानला आम्ही सहकुटुंब गेलो तेव्हा घोड्यावर बसायच्या आधी त्याने घोडेवाल्याकडे हेल्मेट मागितलं. घोडेवाला म्हणाला, "घोडा लई शांत हाय साहेब." भाऊ म्हणाला, "घोडा शांत हाय, पन मी नाय ना." शेवटी पुढे रिकामा घोडा, मध्ये घोडेवाला आणि मागून पायी भाऊ, अशी आमची मिरवणूक निघाली आणि पोरं घोड्यापेक्षा भाऊला बघून हसली. मी कर्जतला घर घेतलं तेव्हा सगळ्या नातेवाइकांनी फरशी बघितली, हवा येते म्हणून कौतुक केलं. भाऊ स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिला आणि म्हणाला, "आग लागली तर बाहेर पडायला दुसरं दार कुठाय?" गृहप्रवेशाच्या दिवशी हे विचारायचं असतं का? पण त्याला कोण सांगणार.

मुलींना नकार देण्यातही त्याने हेच शास्त्र वापरलं. आम्ही बौद्ध. आमच्यात पत्रिका बघत नाहीत, त्यामुळे इतरांना जी सोय असते ती त्याला नव्हती. मंगळ आडवा येतो, नाडी जुळत नाही, असं म्हणून सुटायची वाट नाही. प्रत्येक नकाराला त्याला स्वतःच्या डोक्यातून कारण काढावं लागायचं, आणि ते तो काढायचा. नेरळची मुलगी शिकलेली, हसरी, मला तर फारच आवडली होती. परत येताना भाऊ म्हणाला, "तिसऱ्या मजल्यावर राहत्यात. एकच जिना हाय." मी म्हटलं, अरे, मुलगी तुझ्या घरी येणार आहे, तू तिच्या जिन्यात राहायला जाणार नाहीस. तो म्हणाला, "सवय लागलेली असती रं मानसाला." खोपोलीच्या मुलीकडे गॅसचा सिलिंडर शेगडीला चिकटून होता. खालापूरच्या मुलीचा भाऊ एका हाताने मोटारसायकल चालवत आम्हाला फाट्यापर्यंत सोडायला आला, तिथे ते ठिकाण संपलं. आणि एका घरी परसात विहीर होती, तिला कठडा नव्हता. तेव्हा तर भाऊ मला म्हणाला, "पोरं घेऊन त्या आजोळी जायचं कसं?" मी भर रस्त्यात स्कूटर थांबवली. म्हटलं, "भाऊ, पोरं कुठली? आधी लग्न कर, मग पोरं पडतील विहिरीत!" मागून येणारा एक टेंपोवाला थबकून आमच्याकडे बघत राहिला. भाऊ मात्र शांतपणे म्हणाला, "बघ, तू बी मानलंस ना पडतील म्हनून."

आता अशा माणसाने दुसऱ्याच्या लग्नात लुडबूड करू नये, एवढी अपेक्षा चुकीची आहे का? पण त्या कारखान्यात एक पद्धत आहे. पाळीतला कुणी लग्नाच्या रजेवर निघाला की आदल्या दिवशी कँटीनमध्ये त्याला नारळ आणि शाल देतात, कांदाभजी होतात, आणि मग एक वडीलधारा कामगार उठून त्याला चार शब्द सांगतो. कशाबद्दलचे चार शब्द, हे कुणी उघड बोलत नाही. सगळे माना खाली घालून भजी खात असतात, त्यावरून कळतं. पूर्वी हे काम एका म्हाताऱ्या वॉचमनकडे होतं. तो निवृत्त झाल्यावर लग्न झालेले सगळेच लाजून मागे सरले, आणि ज्याचं लग्न झालं नव्हतं त्या भाऊच्या गळ्यात ते पडलं. समितीचा माणूस आहे, बोलायची सवय आहे, एवढीच त्याची लायकी. गेली पंधरा वर्षं प्रत्येक नवरदेवाला भाऊने चार शब्द सांगितले आहेत. माझ्या शेजारचा मुलगा त्याच कारखान्यात आहे, त्याने मला ते तोंडपाठ म्हणून दाखवले. "घाई करायची नाय. आधी हातपाय सवच्छ धुवायचे. म्हाईती नसंल तर हात लावायचा नाय. शंका आली तर इचारायचं. काय दुखलं-खुपलं तर लगीच थांबायचं. आनि मन ठिकान्यावर ठेवायचं." मुलगा भारावून म्हणाला, "सर, काय अनुभव असेल हो भाऊंना!"

अनुभवाची ही ख्याती त्याने मिळवली ती गप्प बसून. कँटीनमध्ये पुरुषांच्या गप्पा कुठल्या कुठे जातात, प्रत्येकजण आपापली फुशारकी मारतो. भाऊ तेव्हा काही बोलत नाही. खाली बघून बारीक हसतो आणि ताटलीतली मिरची बाजूला काढतो. फुशारकी मारणाऱ्यांना वाटतं, हा सगळं कोळून प्यालेला आहे, आपण याच्यापुढे काय बोलतोय. त्यातून कधी तरी तो तरुणपणी तीन महिने पुण्याला होता, हे कुणाला तरी समजलं, आणि पुण्याच्या त्या तीन महिन्यांबद्दल साजगावात काय काय बोललं जातं ते मी इथे लिहू शकत नाही. खरं म्हणजे त्याला तेव्हा कावीळ झाली होती आणि तो आत्याकडे मऊ भात खात पडला होता. हे मला माहीत होतं. पण गंमत बघा, लोकांचं इतकी वर्षं ऐकून माझासुद्धा हळूहळू विश्वास बसायला लागला होता. मला वाटायचं, याची बाहेर कुठे तरी सोय असणार, म्हणून हा मुलींना नाही म्हणतो. आणि माझ्या मनात चीड यायची. मावशी तिकडे झुरते आहे, मी रविवार वाया घालवतो आहे, आणि हा लबाड मजा मारतो आहे!

मागच्या वर्षी मात्र भाऊने पोहे संपवले आणि आणखी घ्यायला बशी पुढे केली. मी चकित झालो. मुलगी म्हणायची पद्धत म्हणून मुलगी, पण बाई अडतीस वर्षांची होती. आरोग्य उपकेंद्रात नर्स. नवरा सहा वर्षांपूर्वी गेलेला, मूलबाळ नाही. कर्जतच्या पुढे एका गावात आईवडिलांबरोबर राहत होती. भाऊ बसायला खुर्ची ओढायला लागला तर ती आतूनच ओरडली, "तिकडे नका बसू. त्या पंख्याची वायर सोललीय, मी आजच काढून ठेवणार व्हते." भाऊने वर बघितलं. मी त्याला चाळीस वर्षं ओळखतो, त्याचा असा चेहरा मी कधी पाहिला नव्हता. परत येताना तो चौकच्या फाट्यापाशी आल्यावर म्हणाला, "आपनहून सांगितलं रं तिनं." तारीख ठरली. विहारात लग्न, मग जेवण. मावशीने फ्रिजमधले पापड काढून डब्यात भरले, आता सून येणार, फ्रिज चालू होणार, म्हणून. मी त्या दिवशी बायकोला सांगितलं की पित्ताच्या गोळ्या आता बंद.

लग्नाला दहा दिवस राहिले असताना भाऊचा मला शाळेत फोन आला. पहिली पाळी सुटली की कारखान्याजवळच्या चहाच्या टपरीवर ये म्हणाला. मला वाटलं, निमंत्रणपत्रिका वाटायच्या असतील. मी पोचलो तर तो टपरीच्या मागे जांभळाखाली उभा होता, डब्याची पिशवी छातीशी धरून. म्हणाला, "ते लगीन मोड."

माझा संयम सुटला. सोळा वर्षांचा साठलेला राग सगळा बाहेर आला. म्हटलं, "का? आता काय निघालं? तिच्या सिलिंडरची नळी जुनी आहे?"

"नळी बदललीय तिनं. तारीख मी बघितलीय."

"मग उपकेंद्राला दुसरं दार नाही?"

"हाय."

"मग का मोडायचं? त्या बाईने तुझं काय घोडं मारलंय? दुसऱ्यांदा उभी राहिली बिचारी. तिला काय तोंड दाखवू मी? मावशीला काय सांगू? तुला बाहेर मजा मारायची असेल तर सरळ सांग ना, आम्ही कशाला फरफट करून घ्यायची!"

त्याने डब्याची पिशवी या हातातून त्या हातात घेतली. मग म्हणाला, "कसली मजा? मला काय म्हाईत नाय रं."

"काय माहीत नाही?"

"कायच. बाईमानसाचं कायच म्हाईत नाय. चव्वेचाळीस झाली मला. तिला सगळं म्हाईत आसनार, लगीन झालेली बाई, त्यात नर्स. ती हसंल मला."

मला आधी ते समजलंच नाही. मग समजलं, तरी पटलं नाही. मी म्हटलं, "अरे, तू अर्ध्या कारखान्याला शिकवलंस! ते चार शब्द?"

भाऊने हाताने कारखान्याच्या दिशेने दाखवलं. "ती पाटी हाय ना यंत्रावर. सुरक्षेचे नियम. घाई करू नका, म्हाईती नसल्यास हात लावू नका. तीच वाचून दावतो. मला दुसरं काय येतंय?"

मला हसू यायला हवं होतं. दुसऱ्या कुणाचं असतं तर मी टपरीवर लोळून हसलो असतो. पंधरा वर्षं या दोन तालुक्यांतले नवरदेव नळ्या कापायच्या यंत्राच्या पाटीवर संसाराला लागले होते. पण भाऊचा पुढचा शब्द ऐकला आणि हसू घशातच राहिलं. तो म्हणाला, "तुला इचारलं व्हतं मी. आठवतंय? तुझ्या लग्नाला चार दीस झाले व्हते. तू स्कूटर धूत व्हतास. मी म्हनलं, कसं असतं रं, कुठं शिकायचं? तू म्हनलास, शिकायचं नसतं भाऊ, पुरुषाला येतंच. मग काय काय सांगितलंस तू."

मला आठवलं. सगळं आठवलं. सव्वीस वर्षांचा होतो, टाचणी लावली तर फुटेन इतका फुगलेला होतो. हॉस्टेलमध्ये हातोहात फिरणाऱ्या एका फाटक्या पुस्तकातलं जे काही लक्षात होतं ते सगळं मी स्वतःच्या नावावर त्याला ऐकवलं होतं. हातात साबणाचा फेस, आणि तोंडातही तोच.

"तू शास्त्राचा मास्तर," भाऊ म्हणाला. "तू खोटं कशाला बोलशील? मी वाट बघितली. पुरुषाला येतंच म्हनलास, म्हनून वाट बघितली. मला आलं नाय. म्हंजी खोट माझ्यातच हाय, असं समजलो. मग पोरी दावायला लागलात तुमी. कुनाच्या पोरीचं वाटोळं कशाला करू?"

म्हणजे जिना, सिलिंडर, विहिरीचा कठडा, ते सगळं हे होतं. तिसऱ्या मजल्यावरची ती हसरी मुलगी, खोपोलीची, खालापूरची, सगळ्या. आणि त्यांच्या दारातून दर वेळी चिडून, त्याला टाकून बोलून, त्याला परत साजगावला सोडणारा मी होतो. त्या क्षणी खरं सांगून टाकायला हवं होतं. नाही सांगितलं. एवढ्या वर्षांची इभ्रत पणाला लागली होती ना! मी त्याच्या पाठीवर थोपटलं, "होतं सगळं ठीक, तू काळजी करू नकोस, लग्न मोडू नको," असं काही तरी पुटपुटलो आणि स्कूटरला किक मारली. माझी मलाच लाज वाटली, पण ती स्कूटरवर बसल्यावर वाटली.

घरी आल्यावर बायकोला सगळं सांगितलं. ती भाजी निवडत होती. ऐकून घेतलं, आणि म्हणाली, "तुम्ही असं सांगितलं होतं त्यांना? तुम्ही?" तिने 'तुम्ही' हा शब्द ज्या तऱ्हेने म्हटला त्यावर मी काही भाष्य करत नाही. म्हणाली, "पहिले तीन आठवडे आपण नुसत्या गप्पा मारत होतो. तुम्ही मला ग्रहांची नावं सांगत होता. घाम फुटला होता तुम्हाला." मी म्हटलं, हळू बोल, पोरं ऐकतील. ती म्हणाली, "ऐकू दे की. त्या तीन आठवड्यांतच मला तुम्ही आवडायला लागलात. नाही तर मला किती भीती वाटत होती, माहितीये? भाऊंना खरं सांगून टाका. माझी काही हरकत नाही."

आणि मग जणू कुणी मुद्दाम ठरवल्यासारखं, कारखान्यातून निरोप आला. भाऊ रजेवर निघणार, त्याला चार शब्द कोण सांगणार? भाऊपुढे भाऊचं काम करायची कुणाची छाती होईना. शेवटी पाळीतल्या लोकांनी ठरवलं, त्याचा मावसभाऊ मास्तर आहे, त्याला बोलवा. मी गेलो. दारावरच्या वहीत सही करावी लागली, डोक्यावर पिवळं हेल्मेट चढवावं लागलं. ते कँटीनमध्येही काढू नको, असं खुद्द नवरदेवाने बजावलं, वरचा पंखा जुना आहे म्हणून. नारळ झाला, शाल झाली, भजी आली, आणि सगळ्यांच्या माना नेहमीप्रमाणे खाली गेल्या. भाऊ बाकाच्या टोकाला बसला होता. मोडतो म्हणालेलं लग्न त्याने अजून मोडलं नव्हतं, पण त्याच्या तोंडाकडे बघून कळत होतं की संध्याकाळपर्यंत मोडेल.

मी उभा राहिलो. वर्गात बोलतो तसा घसा साफ केला. म्हटलं, "चार शब्द सांगायची माझी लायकी नाही. सोळा वर्षांपूर्वी ह्याने मला एक गोष्ट विचारली होती, आणि मी ह्याला खोटं सांगितलं. म्हटलं, पुरुषाला आपोआप येतं. मला काहीही येत नव्हतं. मी बायकोला तीन आठवडे ग्रहांची नावं सांगितली." कुणी तरी भजी गिळताना खोकला. मी थांबलो नाही, कारण थांबलो असतो तर पुन्हा बोलू शकलो नसतो. "मला येत होतं म्हणून मी शहाणा आणि ह्याला येत नाही म्हणून हा कमी, असं ह्याला वाटत राहिलं. ते माझ्यामुळे. एवढंच सांगायचं होतं."

मग कोपऱ्यातून क्रेन चालवणारा एक थोराड माणूस उठला. झुबकेदार मिशा, तीन मुलींचा बाप. म्हणाला, "मास्तर, खरं बोलू का? मला बी काय येत नव्हतं. भाऊनं सांगितलं हातपाय धुवा. मी आठ दीस नुसते हातपायच धुतले. बायकोला वाटलं मला कसला रोग हाय." त्यावर जो हशा उठला त्यात सगळ्यांची जीभ सुटली. एकजण म्हणाला, मला वाटलं ते फक्त मलाच येत नाही. त्याच्या शेजारचा म्हणाला, अरे मग तू ते गोव्याचं काय सांगत होतास? तो म्हणाला, गोव्याला मी समुद्र बघितला. गोंगाट वाढला तसा माझा मास्तरी स्वभाव उफाळून आला आणि तोंडातून निघून गेलं, "गोंधळ नको! लग्नाच्या वेळी ज्यांना काहीच येत नव्हतं, त्यांनी हात वर करा." क्षणभर कुणी हललं नाही. मग मिशांच्या बाजूने एक हात वर झाला. मग दुसरा. मग बाकामागून बाक. ज्याने कँटीनमध्ये सगळ्यात जास्त फुशारक्या मारल्या होत्या त्याचाही. दाराशी एक साहेब चहाचा कप घेऊन उभे होते, त्यांनी इकडेतिकडे बघून कपासकट हात वर केला. मीही केला.

भाऊ उठून उभा राहिला होता. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत तो ते हात बघत गेला. तोंड उघडं. म्हणाला, "एवडे?" आणि मटकन खाली बसला.

त्या दिवशी मी त्याला घरी सोडलं नाही. तो म्हणाला, मला कर्जतच्या पुढे सोड, तिच्या गावी. मी बाहेर थांबलो. अर्ध्या तासाने आला. स्कूटरवर बसला, हेल्मेटचा पट्टा लावला, ओढून बघितला. मी न राहवून विचारलं, "सांगितलंस?"

"सांगितलं."

"हसली?"

"नाय." त्याने पट्टा पुन्हा एकदा ओढून बघितला. मग म्हणाला, "ती म्हनली, माजा पयला नवरा सगळं येतंय म्हनून आला व्हता. एकदा बी मला काय इचारलं नाय. तुमी इचाराल ना? मी म्हनलं, मी इचारनारच. मला दुसरं काय येतंय."

लग्न झालं. आमच्यात लग्न अर्ध्या तासात उरकतं, पांढरे कपडे, पंचशील, हार. पण भाऊने मंडपाच्या वायरी तपासण्यात पाऊण तास घालवला, आणि गंमत म्हणजे नवरी त्याच्याबरोबर टॉर्च धरून उभी होती. मावशीने मला बाजूला घेऊन विचारलं, "तू काय सांगितलंस रं त्याला?" मी म्हटलं, काही नाही. मावशीने माझ्या तोंडावरून हात फिरवला. तो हात मला फार जड गेला.

आता माझे रविवार मोकळे आहेत. सुरुवातीला बरं वाटलं, मग कळेना की करायचं काय. महिन्याभराने एका रविवारी मीच साजगावला गेलो. भाऊ अंगणात बसून लसूण सोलत होता, त्याची बायको आत काही तरी करत होती आणि दोघं दारातून एकमेकांशी वाद घालत होती, मीठ आज कुणी जास्त टाकलं यावर. भाऊचे केस कानापाशी पांढरे झाले आहेत, हे मला तेव्हा पहिल्यांदा दिसलं. इतकी वर्षं तो माझ्या मागे बसायचा, मला दिसणार कसं? मी शेजारी बसलो. दोघांनी थोडा लसूण सोलला.

"बरं चाललंय ना?" मी विचारलं.

"लई बरं चाललंय," तो म्हणाला. आतल्या दाराकडे बघून हसला, अगदी पोरासारखा. मग हातातली पाकळी सोलत, आवाजही न चढवता म्हणाला, "आधी सांगायचं व्हतंस रं."

तो रागावला असता तर बरं झालं असतं. मी 'हो' म्हणालो. दुसरं काय म्हणणार?